लिनक्समधील निम्नस्तरीय ग्राफिक्स प्रोग्रॅमिंग

लिनक्समधील निम्नस्तरीय ग्राफिक्स प्रोग्रॅमिंग म्हणजे खिडक्या, बटणे आणि तयार आरेखन-लायब्रऱ्या यांचे साहाय्य न घेता, लिनक्स या मुक्तस्रोत संचालन प्रणालीच्या कर्नलमार्फत संगणकाच्या पडद्यावर थेट चित्र उमटवण्याचे तंत्र होय. या पातळीवर प्रोग्रॅमला रेषा, वर्तुळ किंवा अक्षर यांपैकी काहीही आयते मिळत नाही. त्याच्या हाती मेमरीचा एक सलग पट्टा येतो आणि त्या पट्ट्यातील आकड्यांप्रमाणे पडद्यावरील ठिपके उजळतात. लिनक्सचा कर्नल आणि त्यातील बहुतेक ग्राफिक्स ड्रायव्हर यांचा स्रोत खुला असल्याने, अभ्यासकास स्वतःच्या प्रोग्रॅमपासून मॉनिटरच्या जोडणीपर्यंतचा जवळजवळ संपूर्ण मार्ग वाचून पाहता येतो.

हा मार्ग मात्र स्थिर राहिलेला नाही. १९९० च्या दशकात विशेषाधिकार असलेला कोणताही प्रोग्रॅम ग्राफिक्स कार्डाच्या रजिस्टरांत स्वतः हात घालत असे. आज पडद्याचा ताबा कर्नलकडे असून प्रोग्रॅमला तो मागून घ्यावा लागतो. त्यामुळे जुन्या पुस्तकांतील पद्धती आणि आजच्या प्रणालीचे वर्तन यांत बरेच अंतर पडले आहे. नवशिक्याची पहिली अडचण बहुधा येथेच उद्भवते. पुस्तकातील प्रोग्रॅम जसाच्या तसा उतरवला, तो विनातक्रार चालला, तरी पडद्यावर काहीच उमटत नाही.

पिक्सेल व मेमरी

पडद्यावरील चित्र ज्या मेमरीत साठवलेले असते तिला फ्रेमबफर म्हणतात. डिस्प्ले नियंत्रक ही मेमरी वरच्या ओळीपासून खालच्या ओळीपर्यंत आणि प्रत्येक ओळ डावीकडून उजवीकडे अशी वाचत जातो व वाचलेली मूल्ये मॉनिटरकडे पाठवतो. १९२० × १०८० ठिपक्यांच्या पडद्यास, प्रत्येक ठिपक्यामागे ४ बाइट धरल्यास, ८२,९४,४०० बाइट लागतात. हे वाचन सर्वसाधारणपणे सेकंदाला ६० वेळा होते. म्हणजे पडद्यावर काहीही हलत नसतानासुद्धा सेकंदाला सुमारे ४९.८ कोटी बाइटांची वाहतूक चालू असते.

एखाद्या ठिपक्याचा मेमरीतील पत्ता काढण्याचे सूत्र सोपे आहे: ओळीचा क्रमांक गुणिले ओळीची बाइटांतील लांबी, अधिक स्तंभाचा क्रमांक गुणिले ठिपक्यामागील बाइट. यातील ‘ओळीची लांबी’ ही संज्ञा फसवी आहे. ती पडद्याच्या रुंदीवरून काढायची नसते, कर्नलला विचारून घ्यायची असते. अनेक लॅपटॉपांवरील १३६६ × ७६८ च्या पडद्याचे उदाहरण घेता येईल. १३६६ ठिपक्यांचे ५,४६४ बाइट होतात. परंतु नियंत्रकास प्रत्येक ओळ ६४ च्या पटीतील पत्त्यावर सुरू व्हावी लागत असेल, तर ओळीची खरी लांबी ५,५०४ बाइट होते आणि प्रत्येक ओळीच्या शेवटी ४० बाइट रिकामे राहतात. प्रोग्रॅमने रुंदीवरून हिशेब केला तर प्रत्येक ओळ आधीच्या ओळीपेक्षा १० ठिपके डावीकडे सरकते. उभी रेघ काढायला जावे आणि ती खाली येता येता डावीकडे झुकत जावी, तसेच पडद्याच्या तळाशी पाचसहा ओळींची काळी पट्टी उरावी, ही या चुकीची ओळखण्यासारखी खूण आहे. अशी तिरपी प्रतिमा या क्षेत्रात शिरलेल्या जवळजवळ प्रत्येकाने एकदा तरी पाहिलेली असते.

रंगांच्या क्रमाबाबतही असाच घोटाळा होतो. सर्वाधिक प्रचलित ३२ बिटांच्या मांडणीत लाल, हिरवा व निळा यांना प्रत्येकी ८ बिट असून उरलेले ८ बिट वापराविना राहतात. ही मांडणी एका ३२ बिटांच्या संख्येची म्हणून सांगितली जाते. इंटेल व एआरएम संगणकांवर त्या संख्येचा सर्वांत कनिष्ठ बाइट मेमरीत आधी येत असल्याने बाइटांचा प्रत्यक्ष क्रम निळा, हिरवा, लाल असा दिसतो. एकेक बाइट लिहिणाऱ्या प्रोग्रॅममध्ये लाल चौकोन निळा उमटण्याचे कारण हेच. लहान उपकरणांच्या पडद्यांवर १६ बिटांची मांडणीही आढळते. तीत लाल व निळ्यास ५ आणि हिरव्यास ६ बिट मिळतात, कारण मानवी डोळा हिरव्या छटांतील फरक अधिक बारकाईने टिपतो.

इतिहास

आयबीएमने १९८७ मध्ये पीएस/२ संगणकांसोबत आणलेल्या व्हीजीए प्रणालीत ३२० × २०० ठिपके व २५६ रंग असा एक मोड होता. प्रत्येक ठिपक्यास एक बाइट, म्हणजे सगळा पडदा ६४,००० बाइटांत मावत असे. डॉसवर एका पत्त्यावर एक बाइट लिहिला की ठिपका उमटे, आणि एका पिढीने ग्राफिक्स याच मोडमध्ये शिकले. लिनक्स ही बहुवापरकर्ता व संरक्षित मेमरीची प्रणाली असल्याने सामान्य प्रोग्रॅमला असा थेट प्रवेश तीत नव्हता. ही उणीव एसव्हीजीएलिब या लायब्ररीने भरून काढली. तिच्यावर चालणाऱ्या प्रोग्रॅमांना मूळ प्रशासकाचे अधिकार द्यावे लागत. प्रोग्रॅम मध्येच कोसळल्यास कार्ड ग्राफिक्स मोडमध्येच अडकून पडे आणि मजकुराचा पडदा परत आणायला कोणीच उरत नसे.

याच सुमारास मोटोरोला ६८००० कुळातील प्रोसेसरांच्या अमिगा व अटारी संगणकांवर लिनक्स नेण्याचे काम चालू होते. या संगणकांच्या हार्डवेअरमध्ये मजकुराचा स्वतंत्र मोडच नसल्याने कर्नलला साधा संदेश दाखवण्यासाठीही अक्षरे ठिपक्यांनी रेखाटणे भाग होते. त्या गरजेतून फ्रेमबफर उपकरणाची, म्हणजे एफबीडेव्हची, कल्पना पुढे आली आणि १९९९ मधील कर्नल २.२ पर्यंत ती पीसीवरही उपलब्ध झाली. संगणक सुरू होताना पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात दिसणारे टक्स पेंग्विनचे चित्र ही या व्यवस्थेचीच देणगी आहे. प्रोसेसरच्या गाभ्यांइतके पेंग्विन ओळीने उभे राहतात.

त्रिमितीय कार्डे स्वस्त होऊ लागल्यावर निराळा प्रश्न निर्माण झाला. अनेक प्रोग्रॅमांना एकाच वेळी त्याच कार्डाकडून काम करून घ्यायचे होते आणि त्यांच्यात मध्यस्थी करणारे कोणी नव्हते. डायरेक्ट रेंडरिंग मॅनेजर, संक्षेपाने डीआरएम, हा कर्नलचा भाग त्यासाठी लिहिला गेला व २००० मध्ये आलेल्या एक्सफ्री८६ ४.० च्या पिढीत तो वापरात आला. (डिजिटल प्रतबंदीसाठी हीच आद्याक्षरे वापरली जातात, दोहोंचा संबंध नाही.)

मात्र मॉनिटरचा मोड ठरवण्याचे काम अजूनही एक्स सर्व्हरच कर्नलच्या पाठीमागे परस्पर करीत असे. एकाच कार्डाला एफबीडेव्ह, डीआरएम व एक्स सर्व्हर असे तीन मालक झाले होते. संगणक झोपवून पुन्हा उठवल्यावर पडदा न उजळणे, ग्राफिक्स व मजकूर यांच्यात जाता-येता पडदा लुकलुकणे, एक्स कोसळल्यावर सगळेच अडकणे, हे सर्व त्या तिहेरी मालकीचे परिणाम होते. कर्नल २.६.२८ (डिसेंबर २००८) मध्ये इंटेलच्या प्रोग्रॅमरांनी लिहिलेली जेम ही ग्राफिक्स मेमरीची व्यवस्था आली आणि २.६.२९ (मार्च २००९) मध्ये मोड ठरवण्याचे कामही कर्नलमध्ये आले. या दुसऱ्या बदलास कर्नल मोड सेटिंग किंवा केएमएस म्हणतात. त्यानंतर एक्स सर्व्हर प्रशासकीय अधिकारांविना चालवणे शक्य झाले. २००८ मध्ये सुरू झालेला वेलँड प्रकल्पही याच पायावर उभा आहे.

२०१५ मध्ये एफबीडेव्हसाठी नवे ड्रायव्हर स्वीकारणे थांबवण्यात आले. जुने उपकरण तरीही नाहीसे झालेले नाही. बहुतेक संगणकांवर ‘डेव्ह’ निर्देशिकेत ‘एफबी०’ ही फाइल आजही दिसते, परंतु तिच्यामागे बहुधा डीआरएमने उभे केलेले अनुकरण असते.

फ्रेमबफर उपकरणावरील पहिला प्रोग्रॅम

एफबीडेव्ह कालबाह्य असूनही शिकण्यासाठी त्याचाच आधार घेतला जातो, व ते योग्यही आहे. सी भाषेतील चाळीस-पन्नास ओळींत पडद्यावर रंग उमटवता येतो. प्रोग्रॅम उपकरणाची फाइल उघडतो. आयओसीटीएल या सिस्टिम कॉलने रुंदी, उंची, ठिपक्यामागील बिट आणि ओळीची लांबी विचारतो. मग एममॅप या कॉलने फ्रेमबफर स्वतःच्या पत्त्यांच्या कक्षेत आणतो आणि त्यानंतर साध्या ॲरेसारखा त्यात लिहू लागतो. यासाठी प्रशासक असण्याची गरज नसते. अनेक वितरणांत वापरकर्ता ‘व्हिडिओ’ गटात असणे पुरेसे ठरते.

हा प्रोग्रॅम डेस्कटॉपवरील टर्मिनल खिडकीतून चालवला तर तो यशस्वी झाल्याचे कळवतो आणि पडद्यावर काहीच बदलत नाही. वेलँड अथवा एक्स चालू असताना नियंत्रक त्यांचे बफर वाचत असतो. एफबीडेव्हच्या मेमरीत लिहिलेले कोणी पाहतच नसते. कंट्रोल, आल्ट व एफ३ या कळा एकत्र दाबून मजकुराच्या कन्सोलवर गेल्यास तोच प्रोग्रॅम चित्र दाखवतो. तेथे चित्रावर कर्सर लुकलुकत राहतो व कर्नलचे संदेश उमटतात. ते टाळण्यासाठी कन्सोलला ग्राफिक्स अवस्थेत टाकावे लागते. ही अवस्था मागे न घेता प्रोग्रॅम कोसळला तर टंकलेले काहीही दिसेनासे होते. म्हणून चाचणीच्या काळात दुसऱ्या संगणकावरून एसएसएचने जोडलेले राहणे, आणि प्रोग्रॅम कोणत्याही सिग्नलने संपला तरी कन्सोल पूर्ववत होईल अशी तजवीज आधी लिहिणे, ही दोन पथ्ये अनुभवी लोक पाळतात.

पुढील पायरी म्हणजे आकृत्या. रेषेसाठी ब्रेझेनहॅमची रीत प्रचलित आहे. जॅक ब्रेझेनहॅम यांनी ती १९६२ मध्ये आयबीएममध्ये असताना आरेखक यंत्रासाठी तयार केली व १९६५ मध्ये ती प्रसिद्ध झाली. रेषा खऱ्या मार्गापासून किती ढळली याचा पूर्णांकी हिशेब ठेवत, केवळ बेरीज, वजाबाकी व चिन्हाची तपासणी यांवर पुढचा ठिपका सरळ घ्यायचा की तिरका हे ती ठरवते. आजचे प्रोसेसर अपूर्णांकांचे गुणाकार सहज करतात, त्यामुळे वेगाचा मूळ मुद्दा पूर्वीइतका राहिलेला नाही; परंतु सलग भूमितीचे ठिपक्यांच्या जाळीवर रूपांतर कसे होते हे समजण्यास याहून चांगले उदाहरण क्वचितच मिळेल. त्रिकोण भरण्यासाठी हुआन पिनेडा यांनी १९८८ मध्ये मांडलेली कडांच्या समीकरणांची रीत घेतात. ठिपका तिन्ही कडांच्या एकाच बाजूस असेल तर तो आत, एवढीच ती चाचणी असून प्रत्येक ठिपक्यासाठी ती स्वतंत्रपणे करता येते. ग्राफिक्स प्रोसेसरच्या रचनेशी ती जुळण्याचे कारणही हेच.

येथे एक व्यावहारिक सूचना आवश्यक आहे. फ्रेमबफरची मेमरी लिहिण्यासाठी जलद पण वाचण्यासाठी अतिशय मंद असू शकते, कारण प्रोसेसर ती सामान्य मेमरीप्रमाणे कॅशमध्ये ठेवत नाही. पारदर्शक रंग मिसळताना आधीचा ठिपका वाचावा लागतो, आणि तो फ्रेमबफरमधूनच वाचल्यास प्रोग्रॅम रांगू लागतो. चित्र साध्या मेमरीत पूर्ण करून शेवटी एकदाच उतरवणे हा त्यावरील सरळ उपाय आहे.

केएमएसची रचना

डीआरएममध्ये पडद्यापर्यंतचा मार्ग वेगवेगळ्या वस्तूंची साखळी म्हणून मांडलेला असतो. बफरमधील चित्र प्लेनवर बसते. एक वा अनेक प्लेन एकत्र करून सीआरटीसी ओळींचा प्रवाह तयार करतो. एन्कोडर त्याचे एचडीएमआय किंवा डिस्प्लेपोर्टच्या संकेतांत रूपांतर करतो. कनेक्टर म्हणजे प्रत्यक्ष जोडणी. सीआरटीसी हे नाव कॅथोड किरण नलिकेच्या नियंत्रकाचे आहे. नलिकांचे मॉनिटर बाजारातून गेले, नाव मात्र राहिले.

प्रोग्रॅम ‘डीआरआय’ निर्देशिकेतील ‘कार्ड०’ ही फाइल उघडतो (काही संगणकांवर क्रमांक निराळा असतो), कनेक्टरांची यादी मागतो, ज्याला मॉनिटर जोडलेला आहे असा कनेक्टर निवडतो आणि त्याच्या मोडांपैकी एक घेतो. हे मोड मॉनिटर स्वतः कळवतो. त्यासाठी त्याच्यात ईडीआयडी नावाची माहिती असते. तिचा मूळ खंड १२८ बाइटांचा असून त्या सर्व बाइटांची बेरीज २५६ ने निःशेष भागली जावी असा नियम आहे. एक्सफ्री८६ च्या काळात हे आकडे वापरकर्त्याने हाताने लिहिण्याची वेळ अनेकदा येत असे आणि चुकीच्या आकड्यांनी मॉनिटर बिघडू शकतो असा इशारा माहितीपुस्तिकांत दिलेला असे.

त्यानंतर ‘डम्ब बफर’ मागवला जातो. ही कोणत्याही ड्रायव्हरवर चालणारी, प्रवेगाविना, केवळ प्रोसेसरने लिहिण्यासाठीची मेमरी आहे. तिची ओळीची लांबी कर्नल उत्तरात कळवतो. वर वर्णिलेली तिरप्या चित्राची चूक येथेही तितक्याच सहज होते. बफर नोंदवून तो सीआरटीसीला जोडला की चित्र दिसते. एफबीडेव्हच्या पन्नास ओळींच्या जागी येथे दोन-तीनशे ओळी लागतात. त्या बदल्यात अनेक मॉनिटर, मोड बदलणे आणि बफरांची अदलाबदल यांवर नियंत्रण मिळते.

एका वेळी एकच प्रोग्रॅम कार्डाचा ‘मास्टर’ असू शकतो. डेस्कटॉप चालू असताना मास्टरपद त्याच्याकडे असते, म्हणून नवशिक्याच्या प्रोग्रॅमला मोड ठरवण्याची परवानगी नाकारली जाते. एफबीडेव्हवर जेथे नुसती शांतता होती तेथे आता निदान स्पष्ट नकार मिळतो. ज्यांना पडदा नको, केवळ गणन हवे, त्यांच्यासाठी ‘रेंडरडी१२८’ सारख्या स्वतंत्र फाइली असतात व त्यांना मास्टरपदाची गरज नसते.

जुन्या केएमएस पद्धतीत मोड, प्लेन आणि कर्सर एकेक करून बदलावे लागत. मधलाच एखादा टप्पा नाकारला गेला तर पडदा अर्धवट अवस्थेत राही. कर्नल ४.२ (२०१५) पासून खुल्या झालेल्या अ‍ॅटॉमिक पद्धतीत सर्व बदल एकत्र सुपूर्द केले जातात. ते सगळे लागू होतात किंवा एकही होत नाही. प्रत्यक्ष लागू न करता ‘हे चालेल का’ एवढेच विचारण्याचीही सोय तीत आहे.

वेळेचे गणित

नियंत्रक वाचत असताना त्याच बफरमध्ये लिहिले, तर पडद्याच्या वरच्या भागात जुने आणि खालच्या भागात नवे चित्र दिसते. यास प्रतिमा फाटणे म्हणतात. १९२० × १०८०, ६० हर्ट्झ या मोडमध्ये रिकाम्या जागा धरून एकूण २२०० × ११२५ ठिपक्यांचा वेळ मोजलेला असतो, म्हणून ठिपक्यांचे घड्याळ १४.८५ कोटी हर्ट्झचे, अर्थात १४८.५ मेगाहर्ट्झचे असते. ११२५ पैकी १०८० ओळी दिसतात व ४५ ओळींचा वेळ उभ्या विश्रांतीचा असतो. एका चौकटीचे १६.६७ मिलिसेकंद धरल्यास ही विश्रांती सुमारे ०.६७ मिलिसेकंदांची होते. तेवढ्यात ८३ लाख बाइट उतरवून घ्यायचे तर सेकंदाला सुमारे १२.४ अब्ज बाइटांचा वेग लागेल, आणि तोही प्रत्येक वेळी बिनचूक क्षणी सुरू करून.

म्हणून नक्कल करण्याऐवजी दोन बफर ठेवले जातात. एक दाखवला जात असताना दुसऱ्यात चित्र काढायचे आणि ते पूर्ण झाल्यावर नियंत्रकास केवळ नव्या बफराचा पत्ता द्यायचा. ही अदलाबदल कर्नल विश्रांतीच्या क्षणी करतो व झाल्याची वर्दी प्रोग्रॅमला देतो. वर्दी येण्याआधीच जुन्या बफरात लिहायला सुरुवात करणे ही येथील नेहमीची चूक आहे. ती वेगवान संगणकावर अनेक दिवस लपून राहते आणि मंद संगणकावर लगेच उघडकीस येते.

त्रिमितीय चित्रण व मेसा

त्रिमितीय चित्रणाचा ड्रायव्हर दोन भागांत विभागलेला असतो, ही गोष्ट नवख्यास सहसा ठाऊक नसते. कर्नलमधील भाग मेमरी देतो, आज्ञांच्या रांगा सांभाळतो आणि एका प्रोग्रॅमने दुसऱ्याच्या मेमरीत डोकावू नये याची काळजी घेतो. ओपनजीएल किंवा व्हल्कन समजणारा, शेडरांचे यंत्रभाषेत भाषांतर करणारा मोठा भाग कर्नलबाहेर असतो. मुक्तस्रोत जगतात हे काम मेसा ही लायब्ररी करते. ब्रायन पॉल यांनी ती १९९३ मध्ये लिहावयास घेतली व १९९५ मध्ये प्रथम प्रसिद्ध केली. तिच्यातील एलएलव्हीएमपाइप हा ड्रायव्हर कार्डाशिवाय, केवळ प्रोसेसरवर सर्व चित्रण करतो, त्यामुळे एका त्रिकोणाचा ओपनजीएलच्या हाकेपासून ठिपक्यांपर्यंतचा प्रवास डीबगरखाली पाऊल-पाऊल पाहता येतो. केएमएस व ओपनजीएल यांना खिडक्यांविना जोडणाऱ्या प्रोग्रॅमांत केएमएसक्यूब हा फिरत्या घनाचा छोटा नमुना प्रसिद्ध आहे.

हार्डवेअरची माहिती आणि तिची अनुपलब्धता

वरील सर्व ज्ञान एखाद्या विशिष्ट कार्डास लागू करायचे तर त्या कार्डाची रजिस्टरे ठाऊक हवीत, आणि ती सांगण्यास अनेक उत्पादक दीर्घकाळ तयार नव्हते. एएमडीने २००७ मध्ये आपल्या कार्डांची माहितीपत्रके खुली करण्यास प्रारंभ केला. ब्रॉडकॉमने फेब्रुवारी २०१४ मध्ये रास्पबेरी पायवरील व्हिडिओकोर ४ या ग्राफिक्स प्रोसेसरची माहिती प्रसिद्ध केली. त्यामुळे स्वस्त संगणकावर ग्राफिक्स ड्रायव्हर आणि त्याची माहितीपुस्तिका शेजारी-शेजारी ठेवून वाचणे विद्यार्थ्यांना शक्य झाले. एनव्हिडियाने कर्नलमधील भागाचा स्रोत मे २०२२ मध्ये खुला केला, तोही नव्या पिढ्यांच्या कार्डांपुरता.

जेथे माहिती मिळाली नाही तेथे ती शोधून काढण्यात आली. उत्पादकाचा बंद ड्रायव्हर चालू ठेवून, एकच साधे चित्र किंचित बदलून पुन्हा काढायचे आणि कार्डाकडे गेलेल्या आज्ञांत कोणता आकडा बदलला ते पाहायचे, ही त्याची मुख्य रीत होय. एनव्हिडियाच्या कार्डांसाठीचा नुव्हो (कर्नल २.६.३३, २०१०) आणि एआरएमच्या माली प्रोसेसरांसाठीचा पॅनफ्रॉस्ट (कर्नल ५.२, २०१९) हे ड्रायव्हर अशाच उलट अभ्यासातून तयार झाले.

या अनुभवाचा परिणाम कर्नलच्या नियमांत दिसतो. प्रोग्रॅमांना वापरता येईल अशी नवी डीआरएम सुविधा स्वीकारण्यापूर्वी, ती वापरणारा कर्नलबाहेरील मुक्तस्रोत प्रोग्रॅम तयार व तपासलेला असावा लागतो. एकदा दिलेली सुविधा काढून न घेण्याचे बंधन कर्नल पाळतो. जिचा वापर कोणी पाहूच शकत नाही अशी सुविधा कायमची सांभाळण्याची तयारी त्याच्या देखभालकर्त्यांनी दाखवलेली नाही.

देवनागरी मजकूर

लिनक्सच्या मजकुरी कन्सोलवर मराठी नीट दिसत नाही, आणि त्याचे कारण याच पातळीवर सापडते. कर्नलमधील कन्सोल पडद्याचे समान चौकटींत विभाजन करतो व प्रत्येक संकेतबिंदूसाठी एक ठिपकेदार आकृती चौकटीत बसवतो. अशा आकृत्यांची संख्या जास्तीत जास्त ५१२ असू शकते. लॅटिन लिपीला हे पुरते. ‘स्त्री’ या शब्दात मात्र सहा संकेतबिंदू असून त्यांची एकच जोडआकृती व्हायची असते. ‘कि’ मध्ये आधी टंकलेल्या व्यंजनाच्या डावीकडे नंतरची वेलांटी जाते. ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ यांतील फरक तर रफार व अर्ध्या र च्या निवडीवर अवलंबून असतो. चौकटीत आकृती ठेवण्याच्या पद्धतीने यांपैकी काहीच साधत नाही.

स्वतःचा प्रोग्रॅम केएमएसवर लिहिणाऱ्यास हे बंधन नाही. हार्फबझ ही लायब्ररी संकेतबिंदूंच्या क्रमावरून कोणत्या आकृत्या कोठे ठेवायच्या ते सांगते, फ्रीटाइप त्या आकृतीच्या वक्ररेषांचे छटायुक्त ठिपक्यांत रूपांतर करते, आणि ते ठिपके बफरात मिसळण्याचे काम प्रोग्रॅमचे असते. लोहित देवनागरीसारखा मुक्त फॉन्ट घेऊन ‘दऱ्या’ हा एक शब्द पडद्यावर शुद्ध उमटवणे हा मराठी अभ्यासकासाठी उत्तम स्वाध्याय आहे. पारदर्शकता, ओळीची लांबी, मंद वाचन आणि लिपीची रचना या सर्वांशी त्यात एकदम गाठ पडते. हे रूपांतर कर्नलमध्ये आणण्यास वाव नाही असे म्हणता येईल, कारण फॉन्टच्या फाइली बाहेरून येतात व त्या वाचणाऱ्या कोडमधील चूक कर्नलमध्ये फार महाग पडेल. २०२० मध्ये कन्सोलवरील मागचा मजकूर पाहण्याची जुनी सोयसुद्धा, तिच्यातील दोष दुरुस्त करून सांभाळणारे कोणी नसल्याने, कर्नल ५.९ मधून काढून टाकण्यात आली होती.

अभ्यासाची साधने

प्रयोगासाठी स्वतंत्र संगणक नसल्यास क्यूएमयूमधील आभासी यंत्र पुरते. त्यात पडदा अडकला तरी मूळ संगणकास धक्का लागत नाही. कोणते कनेक्टर, प्लेन व मोड उपलब्ध आहेत ते मोडटेस्ट व डीआरएम-इन्फो ही साधने दाखवतात. डेव्हिड हेरमान यांनी केएमएसचे टप्पे सविस्तर टिपांसह समजावणारी नमुना फाइल लिहिली असून ती अनेकांची पहिली पाठ्यवस्तू ठरली आहे. सी भाषा, पॉइंटर व एममॅप यांचा सराव नसताना थेट तिच्याकडे वळणारे बहुधा अडखळतात. एफबीडेव्हवर आठवडाभर रेषा काढलेल्यांना ती सुगम वाटते.

ड्रायव्हर लिहू इच्छिणाऱ्यांसाठी कर्नलच्या स्रोतातच करावयाच्या कामांची यादी आहे व प्रत्येक कामापुढे त्याची काठिण्यपातळी नोंदवलेली असते. कर्नल ४.१९ (२०१८) मध्ये दाखल झालेला व्हीकेएमएस हा हार्डवेअरविना चालणारा आभासी ड्रायव्हर आउटरीची व गुगल समर ऑफ कोड या उपक्रमांतील नवोदितांच्या हातून आकारास आला. कोणत्याही उत्पादकाचे विशिष्ट तपशील त्यात नसल्याने डीआरएम ड्रायव्हरचा सांगाडा वाचण्यासाठी तो सोयीचा आहे. त्याहून लहान असा सिंपलडीआरएम (कर्नल ५.१४, २०२१) हा ड्रायव्हर संगणक सुरू करणाऱ्या फर्मवेअरने आधीच उभारून ठेवलेला फ्रेमबफर ताब्यात घेतो. मोड बदलण्याची क्षमता त्याच्यात नाही. मेमरीचा एक पट्टा, रुंदी, उंची आणि ओळीची लांबी एवढ्याच सामग्रीवर तो काम करतो.